सहाचा वाटा

८ जुलै, सोमवार
आठवीला १२क्ष² + १८क्ष याचे अवयव पाडायला दिले. फळ्यावर तीन उत्तरं आली: २(६क्ष² + ९क्ष), ३क्ष(४क्ष + ६) आणि ६क्ष(२क्ष + ३). कंस सोडवला की तिन्ही बरोबर. पण पहिल्या दोन कंसांत अजून सामाईक शिल्लक आहे. सहगुणकांचा मसावि आणि क्षचा सर्वांत लहान घात एकदमच बाहेर काढला, की काम पुरं होतं.

१० जुलै, बुधवार
५क्ष² + ५क्ष. बऱ्याच वह्यांत ५क्ष(क्ष). "बाई, दुसरं पद अख्खं बाहेर गेलं, मग आत काय उरणार?" क्षच्या जागी २ ठेवायला सांगितलं. मूळ राशी ३०, वहीतली २०. दहा गेले कुठे? ५क्षला ५क्षनेच भागलं तर १ येतो, शून्य नव्हे. म्हणून ५क्ष(क्ष + १).

११ जुलै, गुरुवार
"याचा उपयोग काय?" विचारणाऱ्याच्या घरी केळीच्या दोन बागा. म्हटलं, समज, एकीत १२ ओळी, दर ओळीत अ झाडं; दुसरीत १८ ओळी, दर ओळीत ब झाडं. ओळ न मोडता खत द्यायचं काम जास्तीत जास्त किती मजुरांत सारखं वाटता येईल? ६(२अ + ३ब): सहा जण, प्रत्येकाला इकडच्या दोन ओळी, तिकडच्या तीन. "पण आमच्याकडे चारच येतात!" मग दोन ओळी उरतील, हेही त्यानंच सांगितलं.

१३ जुलै, शनिवार
भास्कराचार्यांचा विषय काढला. आपल्याच जिल्ह्यात, चाळीसगावजवळच्या पाटण इथं त्यांच्या नातवानं, चांगदेवानं, आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला; १२०७ सालच्या शिलालेखात तशी नोंद आहे. 'लीलावती'तल्या कुट्टकाची, म्हणजे अशा समीकरणांची पूर्णांक उत्तरं काढायच्या रीतीची, पहिली पायरी सामाईक विभाजकानं भागण्याचीच. भाज्य आणि हार (दोन अज्ञातांचे सहगुणक) यांना भागणारी संख्या क्षेपाला (सुट्या संख्येला) भागत नसेल, तर ते गणितच सदोष.
घरी दिलं: १२क्ष + १८य = ३५. पूर्णांक उत्तर शोधा.

१५ जुलै, सोमवार
कुणालाच सापडलं नाही. एकीनं कारण लिहून आणलं: "डावीकडे ६ बाहेर निघतो, ३५ मधून निघत नाही." मग ३५ बदलून काय ठेवाल? ३०, ३६, ४२ आले. मागच्या बाकावरून प्रश्न: "नुसते ६ चालतील?" वर्ग नाही म्हणाला. त्यानं फळ्यावर येऊन लिहिलं: क्ष = −१, य = १.