विलंबाचें व्याज

अंकगणिताच्या तासाला "दरसाल दर शेकडा" हे शब्द आपण शेंकडों वेळां लिहितों. परंतु त्या शब्दांमागें कोणाचा तरी संसार उभा असतो, हें त्या वयांत आपल्या ध्यानीं येत नाहीं. ज्याचे पैसे दुसऱ्याच्या हातीं राहिले त्याला त्या काळाचा मोबदला मिळावा, एवढाच व्याजाचा साधा अर्थ. हा अर्थ सावकार विसरत नाहीं, पतपेढी विसरत नाहीं. मात्र निवृत्त नोकराचें देणें सरकारकडेच अडकलें, तर हाच नियम त्या नोकराच्या बाजूनेंही लागू पडतो, याचा विसर पुष्कळांस पडतो.

आमचे तीर्थरूप सातारा जिल्ह्यांतील एका सरकारी कचेरींत कारकून होते. तत्पूर्वीं त्यांच्या नोकरीचीं कांहीं वर्षें सांगलीकडे गेलीं होतीं. निवृत्तीच्या वेळीं सेवापुस्तक उघडलें, तों सांगलीच्या काळांतील एका वेतनवाढीच्या नोंदीवर साहेबांची सहीच नाहीं असें आढळलें. वेतनपडताळणी अडली आणि तिच्याबरोबर पेन्शनचे कागदही अडले. इकडची कचेरी म्हणे, सही सांगलीहून आणा. तिकडची म्हणे, आधीं पुस्तक साताऱ्याहून येऊं द्या. कराडवरून जाणाऱ्या एस.टी.नें तीर्थरूपांनीं किती खेपा घातल्या, त्यांची गणती आमच्या मातोश्रींनाच ठाऊक. मध्यंतरीं धाकट्या बहिणीच्या शिक्षणाकरितां पतपेढीचें कर्ज काढावें लागलें. त्याचा हप्ता मात्र व्याजासह दरमहा न चुकतां द्यावा लागे.

पंधरा महिन्यांनीं ग्रॅच्युइटीची रक्कम हातीं आली. शेजारीं पेढे वांटले गेले. मातोश्रींनीं तेवढें विचारलें, "अहो, इतके दिवस हे पैसे होते कोणाकडे?" तीर्थरूप म्हणाले, "अगं, मिळाले हेंच पुष्कळ. व्याज मागायला मी काय सावकार आहें?" जन्मभर वरिष्ठांपुढें नम्रपणें वागलेल्या मनुष्याला हक्काची मागणीही उद्धटपणाची वाटूं लागते, तें असें.

वस्तुतः या बाबतींत नियम स्पष्ट आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ यांतील नियम १२९-अ सांगतो कीं, ग्रॅच्युइटी निवृत्तीनंतर तीन महिन्यांत मिळाली नाहीं आणि तो विलंब प्रशासनाच्या हयगयीनें झाला, तर पुढील काळाचें व्याज भविष्य निर्वाह निधीच्या दरानें द्यावें. पेन्शनसाठीं १२९-ब हा नियम असून तेथें मुदत सहा महिन्यांची आहे. विद्यार्थ्यांनीं उदाहरण करून पाहावें. दहा लाख रुपये पंधरा महिन्यांनीं मिळाले. तीन महिने वजा जातां बारा उरले. २०२०-२१ सालीं निधीचा दर ७.१ होता, त्या दरानें व्याज एकाहत्तर हजार रुपये होतें. एवढ्यांत एखाद्या मुलीचें वर्षभराचें शिक्षण पार पडावें!

नियमापलीकडे न्यायालयाचा शब्दही आहे. केरळांतील पद्मनाभन् नायर हे सरकारी नोकर १९७३ च्या मे महिन्यांत निवृत्त झाले. त्यांचे पैसे मिळाले ते १९७५ च्या ऑगस्टांत. कारण काय, तर अखेरच्या वेतनाचा दाखला वेळेवर दिला गेला नाहीं! १९८४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें निर्णय दिला कीं, पेन्शन व ग्रॅच्युइटी ही सरकारची कृपा नसून नोकराची मालमत्ता आहे, आणि दोषास्पद विलंबाबद्दल व्याज भरलेंच पाहिजे. मात्र नायरांना शेंकडा सहाच मिळाले. त्यांनीं प्रथम बारा मागितले होते. पण सहाचा हुकूम झाल्यावर त्याविरुद्ध हरकत घेतली नाहीं, म्हणून न्यायालयाची इच्छा असूनही दर वाढवितां आला नाहीं. न मागणाऱ्याला न्यायही पुरता मिळत नाहीं, तो असा.

ही हकीकत वाचून दाखविल्यावर तीर्थरूपांनीं चष्मा लावला व अर्ज लिहावयास घेतला. सुदैवानें प्रत्येक पत्राची पोंच व जावक क्रमांक त्यांनीं एका वहींत टिपून ठेवले होते. "प्रशासकीय विलंब दिसून येत नाहीं," असें पहिलें उत्तर आलें. त्यांनीं तारखांची यादी जोडून पुन्हां अर्ज केला आणि अखेर व्याज मंजूर झालें. पतपेढीला भरलेल्या व्याजाहून तें कमीच भरलें. तथापि तें हातीं आलें त्या दिवशीं त्यांची मान आम्हांस किंचित् ताठ दिसली.

अर्जानें काम न झाल्यास राज्य सरकारच्या नोकरांस मुंबईच्या प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे दाद मागतां येते. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांस उच्च न्यायालय आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरास त्याचें फिरतें खंडपीठ सुरू झाल्यानें सातारा-सांगलीकरांची मुंबईची वारी वांचली आहे.

विद्यार्थिमित्रहो, तुमच्यापैकीं कित्येक उद्यां अशाच कचेऱ्यांतून बसतील. तुमच्या टेबलावर एखादें जुनें सेवापुस्तक येईल आणि त्यांतील एका सहीवांचून कोणाचा तरी हप्ता थकत असेल. ती सही त्याच दिवशीं झाली, तर व्याजाचा हिशेब कोणासच करावा लागणार नाहीं. आणि ज्यांच्या घरीं आजोबा अगर वडील असे कागद घेऊन बसले असतील, त्यांनीं आज सायंकाळीं त्यांच्याजवळ बसून तारखांची वही घालून द्यावी.