हानोईची समाधि आणि दोन खोल्यांचें घर

व्हिएतनामच्या राजधानींत जाणारा प्रवासी बहुधा प्रथम बा दिन्ह चौकाकडे वळतो. आम्हीही तसेच वळलों. याच विस्तीर्ण पटांगणांत २ सप्टेंबर १९४५ रोजीं हो चि मिन्ह यांनीं आपल्या देशाचें स्वातंत्र्य घोषित केलें, आणि त्या घोषणेचा आरंभ अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यांतील वचनानें केला. पुढें त्याच अमेरिकेशीं त्यांच्या राष्ट्रास वर्षानुवर्षें झुंजावें लागलें!

चौकाच्या कडेस करड्या ग्रॅनाइटची भव्य समाधि आहे. १९७३ सालीं काम सुरू होऊन ऑगस्ट १९७५ मध्यें ती पुरी झाली. दर्शनाची रांग लांबलचक, परंतु गडबड कोठेंच नाहीं. डोकें उघडें ठेवावयाचें, बोलावयाचें नाहीं आणि न थांबतां पुढें सरकावयाचें. आंत कांचेच्या पेटींत, मंद प्रकाशांत, विरळ दाढीचा तो कृश देह ठेविलेला आहे. आमच्यापुढील एका वृद्ध स्त्रीचे हात आपोआप जोडले गेले.

न्गे आन प्रांतांतील एका विद्याव्यासंगी घराण्यांत १८९० सालीं यांचा जन्म झाला. वडील कन्फ्यूशियसच्या परंपरेंतील पंडित होते. १९११ त हा तरुण फ्रेंच जहाजावर स्वयंपाक्याच्या हाताखालीं राहून परदेशीं गेला, तो तीस वर्षांनीं, १९४१ त, मायदेशीं परतला. दरम्यान १९२० त फ्रेंच कम्युनिस्ट पक्षाच्या स्थापनेंत त्यानें भाग घेतला होता.

समाधीमागील बागेंत फ्रेंच गव्हर्नर-जनरलचा पिंवळा राजवाडा आहे. १९५४ च्या विजयानंतर हो चि मिन्ह यांनीं तेथें राहण्याचें नाकारिलें. १९५८ पासून ते तळ्याकांठच्या, लांकडी खांबांवर उभारलेल्या लहानशा घरांत राहूं लागले. वर दोनच खोल्या, एक लिहिण्यावाचण्याची व एक निजण्याची. खालीं मोकळ्या जागेंत बैठका भरत. इतका अधिकार हातीं असून इतकें थोडें सामान, हें पाहून आम्हांस आदर वाटला.

पण आदरानें डोळे झांकूं नयेत. १९५३ ते १९५६ या काळांत जमिनीच्या फेरवांटणीच्या मोहिमेंत हजारों लोकांस देहान्त शासन झालें. त्यांत कित्येक निरपराध होते. १९५६ त सरकारनें चुका कबूल केल्या व हो चि मिन्ह यांनीं स्वतः खेद प्रकट केला. तथापि गेलेले जीव परत येत नसतात. साधी राहणी हा राज्यकर्त्याचा गुण खरा, पण तेवढ्यानें त्याचा सगळा हिशेब चुकता होत नाहीं.

सर्वांत विलक्षण गोष्ट त्यांच्या मृत्युपत्राची. आपल्या देहास अग्नि द्यावा, रक्षेचे तीन भाग करून देशाच्या उत्तर, मध्य व दक्षिण विभागांत एकेक पुरावा, आणि दर्शनास येणारानें तेथें एक झाड लावावें, असें त्यांनीं लिहून ठेविलें होतें. दहन आरोग्यास हितकर असून त्यानें जमीनही वांचते, असें त्यांचें मत होतें. युद्ध संपल्यावर शेतकऱ्यांस एक वर्ष शेतसारा माफ करावा, हीही इच्छा त्यांत होती. २ सप्टेंबर १९६९ रोजीं ते वारले. राष्ट्रीय सणाशीं गांठ पडूं नये म्हणून मृत्यूची तारीख ३ सांगण्यांत आली, व प्रसिद्ध केलेल्या मृत्युपत्रांतून दहनाचा आणि शेतसाऱ्याचा मजकूर गाळला गेला. खरी तारीख व तो मजकूर १९८९ त प्रकट झाला. तोंवर समाधि उभी राहून चौदा वर्षें लोटलीं होतीं.

वडील माणसाची अखेरची इच्छा पाळणें हें आपल्याकडे प्रत्येक घर आपलें कर्तव्य समजतें. मग ज्यास सारें राष्ट्र प्रेमानें ‘हो काका’ म्हणतें, त्याचीच इच्छा कां डावलली जावी? प्रेम नव्हतें असें नव्हे. परंतु माणूस सर्वांचा झाला, कीं त्याचा देहही त्याचा स्वतःचा उरत नाहीं. मागें राहिलेल्यांस तो हवा असतो.

हानोईंतच पश्चिम सरोवराकांठच्या त्रान क्वोक मंदिरांत एक बोधिवृक्ष आहे. हो चि मिन्ह १९५८ त भारतांत येऊन गेले, आणि पुढच्याच वर्षीं राष्ट्रपति राजेंद्रप्रसादांनीं हें रोप तेथें भेट म्हणून नेलें. आज त्याचा मोठा वृक्ष झाला आहे. मृत्युपत्रांतील झाडांची इच्छा आठवून आम्ही त्याच्या सावलींत बराच वेळ बसलों.