तापणारा तवा

कादंबरीची पटकथा करायला बसलं की पहिला हात कशाला घालायचा, हे मला बरीच वर्षं कळलं नव्हतं. मी घटना वेचायचो, त्यांचे सीन पाडायचो आणि कादंबरीतली जीव जडलेली वाक्यं पात्रांच्या तोंडी घालायचो. अशाच एका पटकथेचं वाचन संपलं तेव्हा कोपऱ्यात बसलेल्या संकलकानं विचारलं, "सगळे बोलतायत छान. पण करतायत काय?" मला उत्तर देता आलं नाही. घरी आलो आणि 'कुंकू' लावला.

'कुंकू' हा प्रभात फिल्म कंपनीचा चित्रपट, १९३७चा. व्ही. शांतारामांचं दिग्दर्शन सगळ्यांच्या लक्षात असतं. लेखकाचं नाव मात्र श्रेयनामावलीबरोबर सरकून जातं, आणि याचं मला मनापासून वाईट वाटतं. ते नाव नारायण हरी आपटे. कादंबरी त्यांची, 'न पटणारी गोष्ट', आणि तिची पटकथा करणारेही तेच. स्वतःच्याच पुस्तकावर कात्री चालवायची म्हणजे काय, हे ज्यानं केलंय त्यालाच कळेल. दुसऱ्याची कादंबरी असली तर निदान मन घट्ट करता येतं.

त्यांना हे जमलं कसं, याचं उत्तर मला बारा वर्षं मागं, कोल्हापुरात सापडतं. १९२५ साली बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीत 'सावकारी पाश' केला, तो आपट्यांच्याच कथेवर. मूकपट. त्यात तरुण शेतकऱ्याचं काम करणारा नट म्हणजेच व्ही. शांताराम. पुढं प्रभात पुण्याला आली, १९३४मध्ये 'अमृतमंथन' झाला, त्याची गोष्टही आपट्यांचीच. एके काळी ज्याच्या अंगात आपण लिहिलेला शेतकरी शिरला होता, तोच आता कॅमेऱ्यामागून आपलं लिखाण वाचतोय. अशी जुनी ओळख लेखकाला केवढं बळ देत असेल! आम्ही आज प्रत्येक नव्या कामात नव्या माणसांसमोर पहिल्यापासून सुरुवात करतो.

मूकपटात शब्द यायचा तो पाटीवर. पाटी आली की चित्र थांबलं. म्हणजे प्रत्येक वाक्याची किंमत चित्रानं मोजायची. ही सवय ज्याच्या हाताला एकदा लागली, तो बोलपटात आल्यावरही उधळेपणा करणार नाही, असं मला 'कुंकू' बघताना पुनःपुन्हा वाटतं.

'कुंकू'तल्या नीराला तिच्या मामानं फसवून म्हाताऱ्या वकिलाच्या, काकासाहेबांच्या, गळ्यात बांधलंय. ती हे लग्न मानत नाही. कादंबरीकाराला इथं पानंच्या पानं लिहिता येतात. काकासाहेबांचा संताप, त्यांची लाज, उतरत्या वयाची भीती. पडद्यावर काय आहे? आरसा आहे, कलप आहे आणि भिंतीवरचं घड्याळ आहे. काकासाहेब झालेले केशवराव दाते आरशासमोर उभे राहतात तेव्हा म्हातारपणावर एक शब्दही लागत नाही. आणि त्या घड्याळाच्या आवाजावर पांघरूण घालायला पार्श्वसंगीत नाही, कारण या चित्रपटात ते ठेवलेलंच नाही. ऐकू येतात ते त्या घरातले, रस्त्यावरचे आवाज. सीन कच्चा राहिला तर व्हायोलिन सांभाळून घेईल, ही सोय लेखकाला नव्हती. माझे कितीतरी सीन त्या सोयीवर उभे होते, हे त्या रात्री मला नीट दिसलं.

आणखी एक गोष्ट. प्रभातमध्ये तेव्हा मराठी आणि हिंदी आवृत्ती जोडीनं निघत. 'कुंकू'बरोबर 'दुनिया न माने' झाला. तेच घर, नीरा झालेली तीच शांता आपटे. एकदा मराठीत, एकदा हिंदीत. मराठी शब्दाच्या वळणावर तोललेला प्रसंग हिंदीत लंगडणार. आरसा, कलप, घड्याळ मात्र जसंच्या तसं पलीकडं जातं. आपट्यांनी हा हिशेब करून लिहिलं असं मी म्हणत नाही. पण दोन भाषांत उभी राहणारी पटकथा आतून किती घट्ट असावी लागते, हे लिहिणाऱ्याला लगेच कळतं.

प्रभातच्या त्याच आवारात आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तिथं गेलो की मी जुन्या स्टुडिओच्या भिंतीपाशी थोडा वेळ थांबतो. उंच, जाड भिंती आहेत; ऊन बाहेरच राहतं.

त्या रात्रीनंतर मी माझा अडलेला सीन पुन्हा काढला. सून सासूला सांगते की मी हे घर सोडतेय. सात वाक्यं होती, कादंबरीतली, सुरेख. सातही खोडली. त्यांच्या जागी लिहिलं: सून भाकरी थापता थापता थांबते. हात धुते. तवा चुलीवर तसाच तापतोय.

संकलकाकडं पान दिलं. त्यानं ते दोनदा वाचलं, चष्मा काढला आणि विचारलं, "तवा किती वेळ ठेवू?"