रायपूरच्या कोर्टवरचा हंगाम
(प्रवासाची दैनंदिनी)

सोमवार, नागपूर ते रायपूर

रायपुरातल्या कॉलेजांचा पुरुष बास्केटबॉल हंगाम जुलैत प्रवेश पूर्ण होऊ लागले की सुरू होतो आणि वार्षिक परीक्षांची वेळापत्रके लागण्याआधी संपतो. एवढ्या महिन्यांत सामन्यांचे दिवस मात्र थोडे असतात. बाकीचा वेळ सराव, निवड, शिबिर आणि रेल्वेप्रवास यांत जातो. राजनांदगाव, दुर्ग, भिलाई आणि रायपूर ही छत्तीसगडच्या बास्केटबॉलची महत्त्वाची ठिकाणे एकाच लोहमार्गावर ओळीने वसलेली आहेत. त्यामुळे हा हंगाम समजून घ्यायला मुंबई-हावडा मार्गाइतकी सोयीची वाट दुसरी नाही.

नागपूर ते रायपूर हे अंतर रेल्वेने सुमारे 300 किलोमीटर आहे. भंडारा रोड, तुमसर, गोंदिया, आमगाव मागे पडले की सालेकसा-दरेकसाचा जंगलपट्टा लागतो. दरेकसा महाराष्ट्रात, पुढचे बोरतलाव छत्तीसगडात. मग डोंगरगडची बमलेश्वरीची टेकडी दिसते, त्यानंतर राजनांदगाव येते.

दरेकसा आणि बोरतलाव यांच्यामधली ही सीमा खेळाडूंच्या दृष्टीने राज्याच्या सीमेहून मोठी आहे. भारतीय विद्यापीठ संघटना आंतरविद्यापीठ स्पर्धांसाठी देशाचे विभाग पाडते. त्यात नागपूर पश्चिम विभागात येते, तर रायपूर पूर्व विभागात. नागपूरच्या संघाची गाठ पुणे, मुंबई, गुजरात, राजस्थान यांच्याशी पडते. रायपूरच्या संघासमोर ओडिशा, झारखंड, बिहार, पश्चिम बंगाल, ईशान्येकडची राज्ये आणि पूर्व उत्तर प्रदेशातली विद्यापीठे उभी राहतात. सकाळी निघून दुपारपर्यंत पोहोचता येईल इतक्या जवळची ही दोन शहरे विभागीय स्पर्धेत एकमेकांशी खेळूच शकत नाहीत. दोन्ही संघ आपापल्या विभागातून वर गेले, तरच अखिल भारतीय फेरीत त्यांची भेट होण्याची शक्यता उरते.

मंगळवार, जी. ई. रोड

ग्रेट ईस्टर्न रोडला रायपुरात सगळे जी. ई. रोडच म्हणतात. आमानाक्याच्या बाजूला या रस्त्यालगत पंडित रविशंकर शुक्ल विद्यापीठ, सायन्स कॉलेज आणि राष्ट्रीय प्रौद्योगिकी संस्था म्हणजे एनआयटी एकमेकांच्या शेजारी आहेत. एका फेरफटक्यात तिन्ही पाहून होतात. पण या परिसरातली मुले एका संघात खेळत नाहीत, आणि रायपूरच्या पुरुष बास्केटबॉलची खरी अडचण इथेच आहे.

तिच्यामागचा इतिहास थोडा मागे जाऊन पाहावा लागतो. छत्तीसगड कॉलेज 1938 मध्ये सुरू झाले. तेव्हा रायपूर मध्य प्रांत व वऱ्हाडात होते, आणि या प्रांताचे विद्यापीठ 1923 मध्ये स्थापन झालेले नागपूरचे होते. 1946 मध्ये सागर विद्यापीठ निघाले. 1948 मध्ये सायन्स कॉलेज सुरू झाले ते सागरशी संलग्न म्हणून. 1 नोव्हेंबर 1956 च्या राज्यपुनर्रचनेत नागपूर मुंबई राज्यात गेले आणि रायपूर भोपाळ राजधानी असलेल्या मध्य प्रदेशात राहिले. रायपूरला स्वतःचे विद्यापीठ मिळाले ते 1964 मध्ये. मध्य प्रदेशचे पहिले मुख्यमंत्री रविशंकर शुक्ल यांचे नाव त्याला दिले गेले.

सुरुवातीला या विद्यापीठाचे क्षेत्र प्रचंड होते. रायगड, बिलासपूरपासून बस्तरपर्यंतच्या कॉलेजांतला कोणताही चांगला खेळाडू रायपूरच्या संघात येऊ शकत असे. पुढे एकेक तुकडा वेगळा होत गेला. 1983 मध्ये बिलासपूरला गुरू घासीदास विद्यापीठ झाले. 1987 मध्ये कृषी शिक्षणासाठी इंदिरा गांधी कृषी विद्यापीठ रायपुरातच स्थापन झाले. 1 नोव्हेंबर 2000 रोजी छत्तीसगड राज्य अस्तित्वात आल्यावर हा वेग वाढला. 2005 मध्ये अभियांत्रिकी कॉलेजांसाठी भिलाईला स्वामी विवेकानंद तांत्रिक विद्यापीठ निघाले. त्याच वर्षी 1 डिसेंबरला रायपूरचे सरकारी अभियांत्रिकी कॉलेज एनआयटी झाले आणि स्वतंत्र संस्था म्हणून स्वतःचा संघ उतरवू लागले. 1956 मध्ये खाणकाम आणि धातुशास्त्राचे कॉलेज म्हणून त्याची पायाभरणी झाली होती. 2008 मध्ये जगदलपूरला बस्तर विद्यापीठ आले. वैद्यकीय कॉलेजांसाठी आरोग्यविज्ञान विद्यापीठ वेगळे झाले. 2015 मध्ये दुर्गला विद्यापीठ स्थापन झाले. पुढे त्याला हेमचंद यादव यांचे नाव मिळाले.

शिक्षणाच्या प्रशासनासाठी हे विभाजन गरजेचे होते. संघासाठी त्याचा अर्थ मात्र कठोर आहे. एकाच मोहल्ल्यात वाढलेले, एकाच कोर्टवर संध्याकाळी खेळणारे चार मित्र बारावीनंतर वेगवेगळ्या शाखांकडे वळले की चार वेगळ्या विद्यापीठांचे खेळाडू होतात. बी.ए. करणारा रविशंकर विद्यापीठासाठी खेळतो. खासगी अभियांत्रिकी कॉलेजातला तांत्रिक विद्यापीठाकडून उतरतो. एनआयटीत गेलेला एनआयटीकडून, आणि कृषी पदवीचा विद्यार्थी कृषी विद्यापीठाकडून. कृषी विद्यापीठांच्या तर देशपातळीवरच्या स्पर्धाही वेगळ्या भरतात. एका शहरात चांगला संघ बनेल एवढे खेळाडू असतात आणि तरी एकही संघ पुरेसा भरत नाही.

बुधवार, सेक्टरचे सामने

छत्तीसगडात कॉलेजांची पहिली स्पर्धा सेक्टर पातळीवर होते. एका कॉलेजकडे यजमानपद असते, आजूबाजूच्या कॉलेजांचे संघ तिथे येतात. बसभाडे, जेवण, टी-शर्ट या सगळ्याचा हिशेब क्रीडाधिकारी सांभाळतो. पुष्कळ ठिकाणी तोच प्रशिक्षक, तोच व्यवस्थापक आणि प्रसंगी पंचही असतो. मोठ्या कॉलेजांना बारा खेळाडू सहज मिळतात. लहान कॉलेजांत मात्र हँडबॉल किंवा कबड्डीची मुले आणून संख्या भरावी लागते. त्यामुळे पहिल्या फेरीत एका बाजूला घोटवून तयार झालेला संघ आणि दुसऱ्या बाजूला नियम नुकतेच समजलेला संघ असे चित्र नेहमी दिसते.

सामना आंतरराष्ट्रीय नियमांनीच होतो. कोर्ट 28 मीटर लांब, 15 मीटर रुंद. रिंग जमिनीपासून 3.05 मीटरवर. दहा-दहा मिनिटांचे चार भाग. चेंडू हाती आल्यापासून 24 सेकंदांत रिंगवर फेक झाली पाहिजे. पाचवा वैयक्तिक फाउल झाला की खेळाडू बाहेर. एका भागात संघाचे चार फाउल झाले की पुढच्या प्रत्येक बचावात्मक फाउलवर प्रतिस्पर्ध्याला दोन फ्री थ्रो मिळतात.

या शेवटच्या नियमावर कॉलेज पातळीचे सामने सर्वांत जास्त फिरतात. दमलेला बचावपटू पाय हलवण्याऐवजी हात लांब करतो. त्यामुळे तिसऱ्या आणि चौथ्या भागात फाउल झपाट्याने चढतात, आणि मग सामना धावण्याचा न राहता 4.6 मीटरवरच्या रेषेवरून एकट्याने उभे राहून टाकायच्या फेकीचा होतो. जिथे 24 सेकंदांचे विजेचे घड्याळ नसते तिथे टेबलावरचा अधिकारी हातातल्या स्टॉपवॉचवर मोजतो आणि शेवटचे आकडे मोठ्याने ओरडतो. खेळाडूला नजर वर करून वेळ पाहण्याची सवय इथे लागत नाही. पुढे इनडोअर कोर्टवर ही उणीव जाणवते.

सिमेंटच्या कोर्टचाही खेळावर ठसा उमटतो. त्यावर चेंडू कडक उसळतो आणि बुटांचे तळ लवकर झिजतात. प्रत्येक उडीचा मार गुडघे आणि घोटे सोसतात. म्हणूनच अनुभवी क्रीडाधिकारी सामन्याच्या आदल्या दिवशी उड्यांचा सराव घेत नाहीत. पावसाळ्यात सप्टेंबरपर्यंत उघडे कोर्ट ओले राहते आणि सराव बुडतो. उन्हाळ्यात रायपूरचा पारा 45 अंशांच्या आसपास जातो, तेव्हा पहाटे किंवा दिवेलागणीनंतरच खेळता येते. सर्वांत चांगले दिवस दसऱ्यानंतरचे. विभागीय स्पर्धेआधी हातात थोडेच आठवडे उरतात, ते हेच.

गुरुवार, भिलाई आणि राजनांदगाव

रायपूरहून लोकलने पाऊण-एक तासात भिलाई येते. सोव्हिएत संघाच्या मदतीने उभ्या राहिलेल्या भिलाई पोलाद प्रकल्पाच्या पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन 1959 मध्ये राष्ट्रपती राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते झाले. कारखान्याभोवती सेक्टर पाडून वसाहत वसली, शाळा आल्या, मैदाने आली. सेक्टर 1 मधले पंत स्टेडियम हे त्यांपैकी बास्केटबॉलचे ठिकाण.

छत्तीसगडच्या बास्केटबॉलला देशभर जो मान आहे तो मुख्यतः मुलींनी मिळवलेला आहे. पोलाद प्रकल्पातले प्रशिक्षक राजेश पटेल यांनी अनेक वर्षे शाळकरी मुलींना निवडून, वसतिगृहात ठेवून, रोज दोन वेळा सराव देऊन राष्ट्रीय विजेतेपदांपर्यंत नेले. सीमा सिंग, अंजू लाक्रा यांच्यासारख्या खेळाडू इथून भारतीय संघात गेल्या. 2018 मध्ये पटेल यांचे निधन झाले, पण त्यांची पद्धत अभ्यासण्यासारखी आहे. मुलगी बारा-तेरा वर्षांची असतानाच तिला हेरायचे, संघ वर्षानुवर्षे एकत्र ठेवायचा आणि पुढे नोकरीची वाट दाखवायची. बिलासपूरच्या दक्षिण पूर्व मध्य रेल्वेने यातल्या अनेकींना सामावून घेतले.

पुरुषांच्या कॉलेज संघाला या तिन्हींपैकी एकही गोष्ट पुरती लाभत नाही. मुलगा कॉलेजात येतो तेव्हा सतरा-अठरा वर्षांचा असतो, त्याच्या सवयी पक्क्या झालेल्या असतात. संघ दरवर्षी बदलतो, कारण तिसऱ्या वर्षाची मुले बाहेर पडतात. सहा-सात वर्षांच्या एकत्र सरावाने जे घडते ते काही आठवड्यांच्या शिबिरात घडवता येत नाही. पुरुष संघाच्या अपयशाचा दोष खेळाडूंच्या मेहनतीला देणे म्हणूनच अन्यायाचे ठरते.

भिलाईच्या पुढे राजनांदगाव. हे मूळचे हॉकीचे गाव. महंत राजा सर्वेश्वरदास यांच्या नावाची अखिल भारतीय हॉकी स्पर्धा इथे भरते. मराठी घरात जन्मलेले हिंदी कवी गजानन माधव मुक्तिबोध इथल्याच दिग्विजय कॉलेजात शिकवीत. भारतीय क्रीडा प्राधिकरणाच्या केंद्रामुळे बास्केटबॉलनेही गावात मूळ धरले आहे. 2015 पर्यंत भिलाई आणि राजनांदगावच्या कॉलेजांतली मुले रायपूरच्या विद्यापीठ संघात येत. आता ती दुर्गच्या विद्यापीठाकडून खेळतात. पूर्व विभागात या शेजाऱ्याशी गाठ पडली, तर दोन्ही बाजूंचे खेळाडू एकमेकांना नावाने ओळखत असतात.

शुक्रवार, निवड आणि शिबिर

सेक्टरनंतर राज्य पातळीवरची स्पर्धा होते, त्यानंतर विद्यापीठ संघाची निवड. वयाची अट 17 ते 25. अंतिम यादीत बारा जण. कालपर्यंत एकमेकांना अडवणारी मुले आजपासून एका जर्सीत येतात.

शिबिरात पहिला प्रश्न बचावाचा असतो. माणसामागे माणूस असा बचाव शिकवायला जास्त दिवस लागतात, कारण एक जण चुकला तर मदतीला कोणी धावायचे याची घडी बसावी लागते. जागा वाटून घेणारा झोन बचाव लवकर बसतो. उंच खेळाडू कमी असतील तेव्हा तो उपयोगीही पडतो. पण 6.75 मीटरवरून नेमकी फेक करणारा संघ समोर आला की हा बचाव उघडा पडतो. तरीही कमी दिवसांत तयार होणारे बहुतेक संघ झोनचीच निवड करतात, आणि ती व्यवहाराला धरून आहे. दुसरा प्रश्न पॉइंट गार्डचा. आपापल्या कॉलेजात प्रत्येकाच्या हातात चेंडू असायचा, इथे तो एकाच्याच हातात राहणार. हे मान्य करायला काहींना शिबिराचे निम्मे दिवस लागतात.

शहरात बुढा तालाबाजवळ सरदार बलबीरसिंग जुनेजा इनडोअर स्टेडियम आहे. सिमेंटवर वाढलेल्या मुलांना छताखाली खेळायची सवय होणे फार गरजेचे असते. प्रकाश, चेंडूचा आवाज, बोर्डच्या मागची मोकळी जागा या सगळ्यांनी फेकीचा अंदाज बदलतो. तिथून तात्यापाऱ्याची जुनी मराठी वस्ती दूर नाही. चौबे कॉलनीत 1935 मध्ये स्थापन झालेले महाराष्ट्र मंडळ आहे. बिंबाजी भोसल्यांच्या काळापासून छत्तीसगडात स्थिरावलेल्या मराठी घरांतली मुलेही इथल्या कॉलेजांत आहेत. कोर्टवरची त्यांची भाषा हिंदी आणि छत्तीसगढी.

शनिवार, पूर्वेकडे

रायपूर स्थानकावरून संघ निघतो तो स्पर्धा कुठे आहे त्याप्रमाणे. कोलकात्याकडे बिलासपूर, रायगड, झारसुगुडा, टाटानगर मार्गे. हावडा सुमारे 830 किलोमीटर. वाराणसी किंवा जौनपूर असेल तर दुर्गहून सुटणारी सारनाथ एक्सप्रेस. स्पर्धा ओडिशात असली तर महासमुंद, टिटलागडची दिशा. आरक्षण बहुधा स्लीपरचे. उंच मुलांचे पाय बर्थबाहेर येतात. त्यामुळे उतरल्यावर थेट कोर्टवर न नेता आधी चालवणे आणि ताणाचे व्यायाम घेणे हे शहाणपणाचे.

विभागीय स्पर्धेचा पहिला टप्पा बाद पद्धतीचा. एक सामना हरला की संपूर्ण हंगाम संपला, मग त्यामागे कितीही महिन्यांची तयारी असो. पहिल्या फेरीत पुढे चाल मिळाली नाही, तर लागोपाठच्या दिवसांत सामने खेळावे लागतात आणि राखीव खेळाडूंची कसोटी लागते. शेवटचे चार संघ साखळीत खेळतात आणि तेच अखिल भारतीय स्पर्धेला पात्र ठरतात. तिथे प्रत्येक विभागाचे चार म्हणजे सोळा संघ येतात. त्यांतल्या आघाडीच्या संघांना खेलो इंडिया विद्यापीठ स्पर्धांचे दार उघडते. या स्पर्धा 2020 मध्ये भुवनेश्वरला पहिल्यांदा झाल्या.

परतल्यावर संघ विसर्जित होतो. जर्सी आणि चेंडू क्रीडा विभागात जमा होतात. सहभागाची प्रमाणपत्रे निघायला वेळ लागतो, आणि त्यांची गरज सर्वांत जास्त तिसऱ्या वर्षाच्या मुलांना असते. रेल्वे, पोलीस आणि सार्वजनिक उपक्रमांच्या खेळाडू भरतीत, तसेच शारीरिक शिक्षणाच्या पदवी प्रवेशात ती जोडावी लागतात. उरलेली मुले परीक्षेला बसतात आणि जुलैत पुन्हा नाव नोंदवतात.