चांदबीबीची गोष्ट आणि आमच्या घरातली एक रात्र

भंडाऱ्याहून नागपूर साठेक किलोमीटर. माझी मोठी मुलगी दोन वर्षांपासून कॉलेजसाठी हा रस्ता रोज बसने करते. फज्रची नमाज पढून, डबा घेऊन निघते आणि मगरिबच्या आत घरी येते. आमच्या खानदानात बारावीच्या पुढे शिकणारी ती पहिलीच मुलगी. त्यामुळे तिच्या येण्याजाण्यावर सगळ्यांचेच लक्ष.

गेल्या पावसाळ्यात एकदा बस वाटेत बंद पडली. पोरगी घरी पोचली तेव्हा इशाची अजान होऊन गेली होती. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी माझ्या मोठ्या नणंदबाई आल्या. चहाला हातही न लावता म्हणाल्या, "भाभी, पोरीला काल स्टँडवर एका मुलाबरोबर उभी असलेली पाहिलंय. मोहल्ल्यात बोलणं सुरू झालंय. आता बस झालं शिक्षण."

कोणी पाहिले? नाव सांगायला त्या तयार नव्हत्या. मुलीचे अब्बू ऐकून गप्प झाले. जेवताना एवढेच म्हणाले, "परीक्षा होऊ दे, मग बघू." मुलगी मान खाली घालून उठली. खरे सांगते, त्या क्षणी मीही तिच्याकडे संशयाने पाहिले.

त्या रात्री धाकटी, नववीतली, शाळेच्या भाषणाची तयारी करत होती. विषय होता आफ्रिकेतील राणी या असांतेवा. आजच्या घानामधल्या असांते लोकांची ही राजमाता. १९०० साली इंग्रज गव्हर्नरने त्यांचे पवित्र सुवर्णासन मागितले. राजाला इंग्रजांनी आधीच कैद करून नेले होते. सरदार कचरत होते, तेव्हा साठीच्या आसपासची ही बाई उभी राहिली आणि लढाईची पुढारी झाली. शेवटी ती पकडली गेली. इंग्रजांनी तिला दूर सेशेल्स बेटांवर पाठवले, तिथेच १९२१ मध्ये तिचा इंतकाल झाला. पण ते आसन इंग्रजांच्या हाती लागले नाही.

धाकटीने विचारले, "अम्मी, आपल्याकडे नव्हती का अशी कुणी?"

माझे अब्बा पवनीला शिक्षक होते. चांदबीबीची गोष्ट त्यांनी मला कितीदा सांगितली असेल. तीच मी त्या रात्री सांगितली.

अहमदनगरच्या हुसेन निजामशहाची ही लेक, विजापूरच्या अली आदिलशहाला दिलेली. १५८० मध्ये पतीचा खून झाला. गादीवर नऊ वर्षांचा पुतण्या, म्हणून कारभार तिने पाहिला. एका सरदाराने सत्तेच्या लोभाने तिला साताऱ्याच्या किल्ल्यात कैद केले. तिची सुटका झाली ती इख्लास खान आणि इतर हबशी सरदारांनी त्याला हुसकावून लावल्यावर. आफ्रिकेतून आलेली ही माणसे दख्खनची होऊन गेली होती.

पुढे ती माहेरी परतली. १५९५ च्या अखेरीस अकबर बादशहाचा मुलगा मुराद मोठी फौज घेऊन अहमदनगरवर आला. ही काही दोन धर्मांची लढाई नव्हती. दोन्हीकडे कलमा पढणारे होते, दोन्हीकडे हिंदू शिपाईही होते. प्रश्न आपल्या मुलुखाचा होता. मुघलांनी तटाखाली सुरुंग पेरले. काही आतल्यांनी शोधून निकामी केले, पण एक उडाला आणि तटाला खिंडार पडले. शिपाई मागे हटू लागले. तेव्हा चांदबीबी तोंडावर नकाब, अंगावर चिलखत आणि हातात नंगी तलवार घेऊन त्या खिंडारात येऊन उभी राहिली. पळणारे परत फिरले. रातोरात खिंडार बुजवले गेले. १५९६ मध्ये तह झाला. वऱ्हाड द्यावे लागले, पण अहमदनगर वाचले.

"मग ती जिंकली?" धाकटी म्हणाली.

इथे अब्बा नेहमी थोडे थांबत. मीही थांबले.

१६०० मध्ये मुघल पुन्हा आले, या वेळी शहजादा दानियाल. किल्ला फार दिवस टिकणार नाही, हे चांदबीबीने ओळखले. बोलणी करून गादीवरच्या लहानग्या बहादूर निजामशहाला सुखरूप बाहेर काढावे, असा तिचा विचार होता. तेवढ्यात आतल्याच एकाने उठवले की बीबी शत्रूला मिळाली. कोणी खातरजमा केली नाही. कोणी तिला विचारलेही नाही. तिच्याच लोकांनी तिच्या महालात घुसून तिला ठार केले. थोड्याच दिवसांत, ऑगस्टमध्ये, किल्ला पडला. तो लहानगाही कैद झाला.

धाकटी काही बोलली नाही. शेजारच्या खोलीत मुलीचे अब्बू खाटेवर पडले होते. त्यांच्या खोकण्यावरून कळले, ते जागे आहेत.

सकाळी ते राइस मिलवर गेले नाहीत. मोठीला समोर बसवले आणि विचारले. तिने सांगितले, तो मुलगा तिच्या मैत्रिणीचा भाऊ. बहिणीला न्यायला आला होता. अंधार पडलेला पाहून बस लागेपर्यंत दोघे बहीणभाऊ हिच्यासोबत थांबले. अब्बूंनी मैत्रिणीच्या वडिलांना फोन लावला. मग नणंदबाईंकडे जाऊन म्हणाले, "आपा, पाहणाऱ्याला दोघं दिसले. तिथं तिघं होते."

बहिणींनो, कुणी खबर आणली तर आधी खातरजमा करा, नाहीतर नकळत कुणाचे नुकसान कराल आणि मग पस्तावाल, अशी ताकीद सूरह हुजुरातमध्ये आहे. आपण ती सूरह पढतो. पण बातमी आपल्याच लेकीची असली की आपल्याला तिची आठवण राहत नाही.

मोठी आजही नागपूरला जाते. त्या दिवशी डबा घेताना तिने मला विचारले, "अम्मी, तुम्ही दोघांनी मला रात्रीच का नाही विचारलं?"

माझ्याकडे उत्तर नव्हते. मी तिचा डबा उगाच पुन्हा उघडून पाहिला आणि झाकण लावून दिले.