न फेंकलेला चेंडू

आम्ही शाळेच्या क्रिकेट-संघांत बारावे गडी होतों. तेव्हां कडेला बसणाऱ्यांच्या कथा आम्हांस विशेष गोड लागतात, यांत नवल नाहीं. अमेरिकेंतील बेसबॉलमध्यें गोलंदाज थकला म्हणजे त्याचे जागीं दुसरा आणतात. असाच एक बदली गोलंदाज लॅरी याउंट.

१९७१ च्या सप्टेंबरची १५ तारीख. ह्यूस्टन ॲस्ट्रोज व अटलांटा ब्रेव्ह्ज यांचा सामना नवव्या डावापर्यंत आला होता. २१ वर्षांच्या लॅरीस बोलावणें आलें. वरिष्ठ संघांतील त्याचा हा पहिलाच सामना! नांव पुकारलें गेलें. परंतु हात मोकळा करण्यासाठीं चार चेंडू टाकतो न टाकतो तोंच कोपर असह्य दुखूं लागलें, व तो मैदान सोडून गेला. नांव पुकारलें कीं खेळाडू सामन्यांत आला, असा नियम. म्हणून नोंदवहींत त्याचे नांवावर सामना एक आहे, चेंडू एकही नाहीं.

पुढें वरिष्ठ सामन्यांत तो पुन्हां कधींच उतरला नाहीं. १९७४ मध्यें तो मिलवॉकी संघाकडे गेला. तेथें त्याचा १८ वर्षांचा भाऊ रॉबिनहि होता. संघानें धाकट्यास ठेविलें, थोरल्यास खालच्या वर्गांत धाडिलें. रॉबिन २० वर्षें खेळला, ३१४२ यशस्वी फटके मारून कीर्तिवंत झाला. आणि त्याचे करारमदार लॅरी पाहूं लागला! या ठिकाणीं आम्ही पुस्तक मिटून बराच वेळ बसलों.

आमचें नांव कधीं पुकारलेंच गेलें नाहीं. एकदां मात्र पाण्याची बादली घेऊन आम्ही खेळपट्टीपर्यंत गेलों होतों.