डोक्यावरची रोवणी

आमच्या आज्याला टक्कल होतं, हे आम्हां नातवंडांना तो गेला त्या दिवशी कळलं. तोवर त्याचं डोकं उघडं असं आम्ही पाहिलंच नव्हतं. गावात टोपी, बांधीत म्हणजे धानाच्या शेतात दुपट्टा, आणि थंडीत झोपतानाही तोच दुपट्टा कानांवरून गुंडाळलेला. अंघोळ तो आम्ही उठायच्या आत उरकून घेई. शेवटच्या अंघोळीला अंगणात आणलं, टोपी काढली, तर खालून उन्हाने कधीच न पाहिलेलं गोरं, गुळगुळीत डोकं निघालं. माझा चुलतभाऊ रडता रडता थांबला आणि कानात म्हणाला, ‘हा आपला आजा नोहे.’

तेव्हा आमच्या लाखांदुरात उघड्या डोक्याने सहसा कोणी उंबरठा ओलांडत नसे. डोकं उघडं म्हणजे घरी कोणी गेलं, असाच त्याचा अर्थ. त्यामुळे टक्कल ही बायकोला आणि न्हाव्याला ठाऊक असलेली गोष्ट, तिसऱ्याला तिचा पत्ता नसे. लग्नाच्या बोलणीला पोरगा टोपी घालून बसे, मांडवात बाशिंग बांधून उभा राही, आणि नवरीला डोक्याचा खरा हिशेब कळेपर्यंत सत्यनारायणही उरकलेला असे. शुद्ध फसवणूक होती ती. पण तिला तशी कुठल्याच बाबतीत कोणी विचारलेलं नसे, त्यात केसांचं काय घेऊन बसलात.

टोपी टाकली ती आमच्या पिढीने. सत्तरच्या दशकात अमिताभने केसांनी कान झाकले, म्हणून आम्हीही झाकले. पँटच्या मागच्या खिशात कंगवा आला. पानठेल्यावर पान खायचं नसलं तरी थांबायचं, कारण तिथे आरसा होता. त्याच्या चौकटीला चुन्याची बोटं पुसलेली असत आणि मधल्या जागेत एका वेळी एकच चेहरा मावे. मग मागचा पुढच्याला म्हणे, ‘झालं का बा, का नवरदेव होतोस?’ मान तिरकी करून, कंगवा एकदा उलटा आणि एकदा सुलटा फिरवून, बोटांनी पुढची झुलपं जरा विस्कटायची, म्हणजे विंचरल्यासारखी वाटू नयेत. आज्याच्या टोपीने जन्मभर झाकलं ते आम्ही कंगव्याच्या हौसेपायी चव्हाट्यावर आणलं. असताना मिरवले, म्हणून गेल्यावर लोकांनी मोजले.

आता कोणाच्याही खिशात कंगवा नसतो. केस असलेल्यांच्याही नसतो. त्यांना बोटं पुरतात.

केस चालल्याची पहिली बातमी तेव्हा कटिंगच्या दुकानात मिळे. समोर मोठा आरसा, मागे मोठा आरसा, आणि त्या दोघांत आपली डोकी रांगेने दूरवर गेलेली. काम झालं की कारागीर हातातला लहान आरसा मानेमागे धरी. हा खरं तर शिष्टाचार. ‘बघा, बराबर आहे ना?’ आपण न बघताच मान डोलवायची. एक दिवस मी बघितलं. टाळूवर रुपयाएवढी जागा चमकत होती. त्याला ती सहा महिन्यांपासून ठाऊक असणार. तो काहीच बोलला नाही, आरसा मात्र त्याने नेहमीपेक्षा लवकर काढून घेतला. पुढे ती जागा वाढत गेली तशी त्याची एक युक्ती माझ्या लक्षात आली. कापायला काही उरलं नव्हतं, तरी तो कातर तेवढाच वेळ चालवी. कानांच्या वर, हवेत, कचकच कचकच. बाकावर वाट बघत बसलेल्यांना कळू नये की या गिऱ्हाइकाचं काम दोन मिनिटांचं आहे. माझ्या लग्नात मिळालेले आहेर मला आठवत नाहीत, पण त्या कातरीचा आवाज आठवतो.

आता बातमी बँकेत मिळते. काउंटरच्या वर पडदा असतो, त्यात छतावरच्या कॅमेऱ्यातली रांग दिसते. त्या रांगेत मला एक टकला दिसला. कोण बुवा हा, म्हणून मी मान वळवली, तर त्यानेही वळवली.

तेव्हाचं सगळंच असं कातरीसारखं हळुवार नव्हतं. टकल्याला नाव ठेवणं हा गावाचा हक्क होता. गोटा, चांद, विमानतळ. शाळेत गुरुजींनी भर्तृहरीचा तो टकला शिकवला होता, उन्हाने डोकं भाजलं म्हणून झाडाखाली जातो आणि नेमकं वरून फळ पडून ज्याचं डोकं फुटतं तो. दुर्दैवी माणूस जाईल तिथे संकटही मागोमाग जातं, हे त्यातलं तात्पर्य. आम्ही तात्पर्याकडे दुर्लक्ष करून गुरुजींच्या टोपीकडे बघत होतो. पुढे १९८० साली ‘शान’ सिनेमा आला, त्यातला कुलभूषण खरबंदाचा टकला शाकाल आमच्याकडेही येऊन पोचला, आणि तोवर मी स्वतःच मास्तर झालो होतो. फळ्याकडे वळलो की मागून कुजबुज येई. ते नाव मला निवृत्तीपर्यंत पुरलं. आता पोरं तोंडावर काही म्हणत नाहीत. सुधारली आहेत म्हणावं, तर माझ्या डोक्याचा स्टिकर त्यांच्या ग्रुपवर फिरतो असं शिपायाने सांगितलं. म्हणजे तोंडावर नाव घेण्याएवढीही ओळख आता उरली नाही.

टक्कल झाकायची सोयही गावातच होती, पण वर्षातून एक रात्र. दिवाळीनंतर मंडई, म्हणजे जत्रा, भरे आणि मंडईच्या रात्री नाटक. आता झाडीपट्टीच्या नाटक कंपन्या वैनगंगेपलीकडच्या वडशात कचेऱ्या थाटून बसतात आणि होळीपर्यंत गावोगाव प्रयोग लावतात. आमच्या लहानपणी गावातलेच लोक उभे राहत. आमच्या शेजारचे एक गृहस्थ, ऐन तिशीत डोकं साफ झालेले, दरवर्षी राजपुत्र होण्याचा हट्ट धरीत. आवाज फाटका, पाठांतर कच्चं. पण केसांचा टोप फक्त राजपुत्राला असे. पहाटे नाटक संपून पडदा गुंडाळला, तरी ते टोप उतरवीत नसत. तसेच चहाच्या टपरीवर येऊन बसत, वाऱ्याला पाठ करून. मेकअपवाला ताटकळत उभा राही. सूर्य बराच वर आला की ते टोप दोन्ही हातांनी काढून त्याच्या हवाली करीत आणि वर्षभरासाठी घरी जात. आज असा टोप घरपोच मिळतो, चिकटवून महिनाभर पोहताही येतं म्हणे. पण कोणाच्या डोक्यावर टोप आहे हे कळत नाही, मग त्याच्याबरोबर चहा प्यायला थांबणार कोण?

उपायांचं विचाराल, तर जुने उपाय बहुतेक निरुपयोगी होते, आणि काही तर अघोरी. आजीकडे माका होता, जास्वंद होती, मोहाच्या टोळीचं, म्हणजे बियांचं, तेल होतं. डोक्यावर नाण्यासारखी चाई पडली की तिथे कांदा किंवा लसूण रगडायचा, कातडी लाल होईपर्यंत. माझ्या एका वर्गमित्राला त्याने फोड आले आणि चाईऐवजी व्रण राहिला. चाई आपोआप भरूनही येते, हे कोणाला माहीत नव्हतं. आली भरून की श्रेय कांद्याला. आता तोच कांदा वास काढून बाटलीत भरून आलाय आणि फोनवर रोज तीनदा माझा माग काढतो. मी एकदा, फक्त एकदा, औषधाचं नाव शोधलं होतं. मिनॉक्सिडिल. मुळात ही रक्तदाबाची गोळी. ती घेणाऱ्यांच्या अंगावर नको तिथे केस उगवू लागले, तेव्हा तिचं डोक्याला लावायचं औषध झालं आणि १९८८ साली अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली. काहींना गुण येतो. पण लावणं सोडलं की आलेले केस पुन्हा जातात. कांद्याने निदान असा जन्मभराचा करार मागितला नव्हता.

आणि २०२५ उजाडता उजाडता बुलढाण्याची बातमी आली. शेगाव तालुक्यातल्या गावांमध्ये माणसांचे, बायकांचे, पोरांचे केस मुठीने हातात येऊ लागले, तीन-चार दिवसांत टक्कल. दिल्लीहून आयसीएमआरची पथकं आली, पाणी तपासलं, माती तपासली. विंचूदंशावरच्या कामासाठी सगळ्यांना ठाऊक असलेले डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी रेशनच्या गव्हातल्या जादा सेलेनियमकडे बोट दाखवलं. कित्येकांचे केस नंतर उगवूही लागले. आमच्या पानठेल्यावर त्यावर निकाल लागला तो असा, की आपण भात खाणारे, म्हणून वाचलो. हे ऐकून मीही हसलो. त्या गावांतल्या लग्नाच्या पोरापोरींचं काय झालं असेल, हा विचार घरी पोचल्यावर आला.

न्हाव्याबद्दल एवढं गोड लिहिलं, तर दुसरी बाजूही लिहिली पाहिजे. दुकानं यायच्या आधी तो धोकटी घेऊन घरोघरी येई, मागच्या अंगणात बसे, आणि वर्षाकाठी पायलीने धान घेऊन जाई. पीक बुडालं की त्याचंही बुडे. काही डोक्यांना त्याचा हात लागत नसे, तो नियम त्याने केलेला नव्हता, गावाने केलेला होता. आणि एके काळी उच्चवर्णीय घरांत विधवेचं केशवपनही त्याच वस्तऱ्याने होई. १८९० साली मुंबईत नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने न्हावी एकत्र आले आणि विधवांच्या डोक्याला वस्तरा लावणार नाही असं त्यांनी ठरवलं. ज्या बायकांचे केस बळजबरीने काढले गेले, त्यांच्यासमोर आपल्या टाळूवरच्या रुपयाचं दुःख घेऊन उभं राहायची माझी हिंमत नाही. तरी ते दुःख आहे, हेही खोटं बोलून चालणार नाही.

२००६ साली बाबा गेले. दहाव्याला आम्ही चुलबंद नदीच्या काठी बसलो. पूर्वी अशा वेळी एका ओळीत सगळी भावकी बसे आणि वस्तरा एका डोक्यावरून दुसऱ्यावर जात राही, आज्याच्या वेळी वाळूवर केसांचे पुंजके पडलेले मला आठवतात, काळे, पांढरे, आणि वारा आला की एकमेकांत मिसळणारे. केस देणं म्हणतात त्याला. माझ्या धाकट्या भावाने दाट काळे केस दिले. माझी पाळी आली. कानांवर जेवढी झालर होती तेवढी निघाली, आणि वर काही नव्हतंच. बापाला द्यायला मुलाच्या डोक्यावर केस नव्हते. न्हावी जरा थांबला. मग त्याने हात ओला केला, माझ्या टाळूला पाणी लावलं आणि कोरा वस्तरा वरून तीनदा हळूच फिरवला. मान म्हणून. कातर हवेत चालवणाऱ्याच्याच घराण्यातला असावा.

पंधरा दिवसांनी भाऊ बसस्टँडवर उतरला की ओळखीचे-अनोळखी सगळे थांबवत. ‘का जी, घरी कोन गेला?’ मग बाबांची गोष्ट निघे, कोणी त्यांच्या शेताची आठवण काढी, कोणी उधारीची. भावाला त्याचा कंटाळा आला होता. मला कोणीच विचारलं नाही. माझं डोकं आधीही असंच होतं. बाबा गेले हे मला माझ्या तोंडाने सांगावं लागलं, आणि असं आपण होऊन सांगितलं की समोरचा आधी ओशाळतो.

आता भावालाही कोणी विचारणार नाही. पोरं हौसेने डोकं सफाचट करतात, दाढी वाढवतात, छान दिसतात. टक्कल ही फॅशन झाली, हे आम्हां टकल्यांच्या दृष्टीने चांगलंच झालं. फक्त त्याचा आता काही अर्थ लागत नाही.

याच भावाचा मुलगा, पुण्यात नोकरी, वय एकोणतीस, लग्न ठरायचंय. त्याने गेल्या उन्हाळ्यात मला हिशेब सांगितला. अडीच हजार ग्राफ्ट, चाळीस रुपये ग्राफ्टमागे. मी सवयीने धानात भागाकार केला. २०२५-२६ च्या हमीभावाने, क्विंटलला २३६९ रुपये, बेचाळीस क्विंटल. ‘एवढं धान डोक्यावर?’ तर तो हसला आणि मला समजावू लागला. काकाजी, पुरुष ज्याने पुरुष होतो त्या टेस्टोस्टेरॉनपासूनच एक द्रव्य बनतं, ते पुढच्या आणि टाळूच्या केसांची मुळं बारीक करत नेतं. मागच्या केसांना त्याचं काही वाटत नाही. म्हणून मागचे केस मुळासकट काढायचे आणि पुढे लावायचे. जागा बदलली तरी त्यांचा स्वभाव तोच राहतो.

‘म्हणजे धानाचे पऱ्हे मागे आणि बांधी पुढे,’ मी म्हणालो.

तो क्षणभर बघत राहिला. ‘तुम्ही रोवणीच म्हणा ना.’

माणसाच्या डोक्यावर लाखभर केस असतात, त्यातले पन्नास ते शंभर रोज गळतात. लाखांदूरच्या माणसाने या लाखाची उठाठेव करू नये, गावाच्या नावातच पुढे ‘दूर’ आहे, असं मी त्याला सांगणार होतो. सांगितलं नाही. माझ्या वेळी चाळीस रुपयांत एक असे केस मिळाले असते, तर मी बांधी विकली असती.

नागपूरला धंतोलीत काम झालं. पूर्ण डोकं भादरून, मग दिवसभर पालथं आणि उताणं. लावलेले केस आधी गळणार, मग तीन-चार महिन्यांनी फुटणार, असं डॉक्टरांनी सांगितलेलं. रोवलेलं धानही आधी पिवळं पडतं, हे त्याला मी सांगितलं, त्याला बरं वाटलं. आठ-दहा दिवसांनी तो गावी आला तो ऐन जुलैत. ऊन लागू नये म्हणून सैल टोपी, खाली खपल्यांचे ठिपके, अगदी ओळीत. आम्ही दोघं बांधावर उभे होतो. खाली चिखलात बाया रोवत होत्या. वाऱ्याने त्याची टोपी मागे सरकली. रांगेतली सर्वांत म्हातारी बाई कमरेवर हात ठेवून उभी राहिली, डोळ्यांवर आडवा हात धरून तिने त्याचं डोकं निरखलं आणि माझ्याकडे वळून विचारलं, ‘का जी मास्तर, घरी कोन गेला?’

किती वर्षांनी कोणीतरी हे विचारलं होतं. मला उत्तर सुचेना. पोरानेच टोपी काढली आणि म्हणाला, ‘कोनी नाही गेलं, आजी. रोवना केला.’

ती चिखलातून बांधापर्यंत आली, चवड्यांवर उंच होऊन तिने त्या ओळी पाहिल्या, आणि परत आपल्या जागी जाता जाता म्हणाली, ‘दाट रोवला बापा. पानी बराबर देजो.’